सिनेमात त्यांना मारू नका

बाई, माय गेली. दिवसकार्य आटोपलं, मामा कडोदऱ्याला परतले, शेजारणींचं येणं-जाणं कमी झालं, आणि घर मोकळं झाल्यावर एका दुपारी मनात आलं की ही बातमी तुम्हाला कळवायला हवी. तुम्हालाच जाऊन कितीतरी वर्षं झाली आहेत, हे त्यानंतर लक्षात आलं. तरीही लिहायला बसले आहे. तुमच्या भाषेत शिक्षकाला आणि मानाच्या मोठ्या माणसाला एकच शब्द आहे. तुमच्यासमोर मी तो वापरायचे. आमच्या घरात मात्र तुम्ही पहिल्या दिवसापासून बाईच होतात, कारण आमच्या मराठी शाळेत शिकवणारीला बाईच म्हणत, आणि मायच्या मते चष्मा लावून कागदावर लिहिणारी कुठलीही स्त्री ही बाईच.

तुम्ही सुरतेला आलात तेव्हा मी इच्छापोरच्या कारखान्यात दुभाष्याचं काम करत होते. दुभाषी म्हणजे नावालाच. कंपनी तुमच्या देशातली, आणि तिने तिकडच्याच एका इंजिनिअरच्या बायकोकडून आम्हा चार-पाच जणांना भाषा शिकवून घेतली होती, आणि मला येत होते ते शब्द दाब, तापमान, बोल्ट, पाळी, सुट्टी असले. तुमचे धाकटे भाऊ आमच्या विभागाचे साहेब. एक दिवस त्यांनी मला केबिनमध्ये बोलावून, जरा संकोचाने सांगितलं, "माझी बहीण आली आहे. सिनेमे लिहायची. हिवाळाभर राहील. घरात नुसती बसून असते. रविवारी तिला शहर दाखवशील का?" लिहायची, असं ते म्हणाले होते. तेव्हा मला वाटलं, साहेबांना काळ नीट वापरता आला नाही. नंतर कळलं की त्यांनी अगदी नीट वापरला होता.

पहिल्या रविवारी तुम्ही गाडीत बसलात. बारीक चणीच्या, केस कापलेले, साठीच्या आसपासच्या. ड्रायव्हरने विचारलं, "मॅडम को डुमस ले चलूँ? किल्ला दिखाऊँ?" मी तुम्हाला समुद्र आणि किल्ला दोन्ही सांगितलं. तुम्ही दोन्हीला मान हलवून नकार दिला आणि विचारलंत, "तू कुठे राहतेस?" मी म्हटलं, तिथे बघण्यासारखं काही नाही, नुसत्या कापड रंगवायच्या मिली आहेत. तुम्ही म्हणालात, "मग तिथे जाऊ." त्या दिवशी मला तुमचा राग आला होता. पांडेसऱ्याच्या त्या गल्लीत साहेबांची गाडी शिरताना मी खिडकीबाहेर बघितलंच नाही. तुम्ही मात्र काच खाली केलीत. गरम रंगाचा तो वास गाडीत आला, आणि तुम्ही एकदम बोलत्या झालात. तुमचं बालपण बंदराच्या गावातलं, आई मासळीबाजारात बसणारी. "शाळेत माझ्या अंगाला वास यायचा," तुम्ही म्हणालात. "मुली बाक सरकवून बसायच्या." मी तेव्हा तुमच्याकडे पहिल्यांदा नीट पाहिलं.

घरात माय चुलीपुढे नव्हे, गॅसपुढे, पण चुलीपुढे बसावं तशी खाली बसलेली. कळण्याची भाकरी आणि भरीत. तुम्हाला मांडी घालायला त्रास झाला नाही याचंच तिला कौतुक. ठेचा वाढायला ती कचरत होती, तर तुम्ही बोटाने दाखवून मागून घेतलात, खाल्लात, डोळ्यांत पाणी आलं आणि हसलात. "तिले सांग, पोटभर जेव म्हना," माय म्हणाली. जेवणानंतर ती नेहमीसारखी साडी मांडीवर घेऊन खडे चिकटवायला बसली. घरी मिळणारं ते काम तिने वडील गेल्यावर धरलं होतं. तुम्ही थोडा वेळ बघितलंत आणि साडीचं दुसरं टोक ओढून घेतलंत. त्यानंतर तो हिवाळाभर दर रविवारी तुम्ही आमच्याकडे आलात. बऱ्याचदा मी मध्ये नसायचेच. दोघी आपापल्या भाषेत बोलायच्या, माना डोलवायच्या, खडे लावायच्या. माय मला मागाहून म्हणायची, त्यांची आईही नवऱ्यामागे एकटीच राबली, आणि मी विचारायचे की हे तुला कसं कळलं, तर तिला सांगता यायचं नाही.

तुमच्या कामाबद्दल तुम्ही मला तुकड्या-तुकड्यांनी सांगितलंत, जास्त करून गाडीत, हजिरा रस्त्यावर ट्रकमागे अडकलेल्या असताना. राजधानीत आलात ती एका दिग्दर्शकाच्या कचेरीत चहा करायला आणि संहितेच्या स्वच्छ प्रती काढायला. प्रती काढता काढता बायकांच्या तोंडची वाक्यं तुम्ही बदलू लागलात. कुणाच्या लक्षात आलं नाही. सिनेमा चालला, लोक म्हणाले, या दिग्दर्शकाला बायकांचं मन कळतं. मग त्याने तुम्हाला एक अख्खा सिनेमा लिहायला दिला, पाठोपाठ दुसरा. दोन्हींवर नाव त्याचं. "तुम्ही भांडला नाहीत?" मी विचारलं. "भांडायला आधी तिथे असावं लागतं," तुम्ही म्हणालात. "मी तिथे नव्हतेच. प्रती काढणारी मुलगी होते."

तुमचं नाव पडद्यावर आलं तेव्हा तुम्ही चाळिशीला टेकला होतात. बसस्थानकावर उकडलेली कणसं विकणाऱ्या दोन सवतींची गोष्ट. ती खूप चालली, बक्षीस मिळालं, तुमचा फोटो वर्तमानपत्रात आला आणि तुमच्या आईने तो मासळीच्या टोपलीवर चिकटवला. पुढची काही वर्षं बरी गेली. मग वारा फिरला. निर्मात्यांना पिस्तुलं हवी झाली, सूड हवा झाला. तुमचे दोन सिनेमे पडले, तिसरा अर्ध्यात थांबला. तुम्ही संध्याकाळच्या वर्गात शिकवलंत, टीव्हीच्या मालिकांचे भाग लिहिलेत, आणि शेवटी एका मालिकेच्या मध्यावर तुम्हाला सांगण्यात आलं की उद्यापासून दुसरी मुलगी लिहील, ती तरुण आहे. त्या दिवसानंतर तुम्ही एक ओळही लिहिली नव्हती. भावाने विमानाचं तिकीट पाठवलं, म्हणून आलात.

मला तुम्ही एकदाच रागावलात. माय त्या दिवशी वडिलांबद्दल बोलत होती. आपणहून. ती कधी बोलायची नाही, पण तुमच्यापुढे बोलली, खूप वेळ, खडे लावत, वर न बघता. ती थांबल्यावर मी तुम्हाला सांगितलं की माझे वडील रंगाच्या मिलमध्ये होते, कापड उकळत्या पाण्यात फिरवणारं जे जेट मशीन असतं, त्याचं झाकण दाबाखाली उघडलं, ते भाजले आणि दवाखान्यातच वारले. मी तेव्हा आठवीत होते. तुम्ही ऐकून घेतलंत. मग म्हणालात, "तुझी आई एवढा वेळ बोलली. तू दोन वाक्यं सांगितलीस. बाकीचं कुठे गेलं?"

"ते असंच, घरातलं," मी म्हटलं. "महत्त्वाचं नव्हतं."

"महत्त्वाचं काय ते तू ठरवायचं नाहीस," तुम्ही म्हणालात. आवाज चढवला नव्हता, पण मायने मान वर करून पाहिलं. "माझ्या सगळ्या आयुष्यात दुसऱ्यांनी हेच केलं. माझी पानं घेतली आणि महत्त्वाचं तेवढं ठेवलं. पुन्हा विचार तिला. आणि ती म्हणेल ते सगळं सांग."

मला रडू आलं होतं. पण मी मायला पुन्हा सांगायला लावलं. मग मी जसंच्या तसं सांगितलं. सकाळी वांग्याची भाजी अळणी झाली होती. वडिलांनी एक घास खाऊन ताट सारलं, "ह्या भाजीले काय चव शे," म्हणाले आणि अर्धी भाकरी हातात घेऊन पाळीला गेले. मायलाही राग आला, तिने पाणीसुद्धा विचारलं नाही. ते गेल्यावर तिने भाजी पुन्हा गॅसवर ठेवली, मीठ घातलं, थोडा शेंगदाण्याचा कूट घातला, आणि झाकून ठेवली, संध्याकाळी आल्यावर देऊ म्हणून. दुपारी मिलचा माणूस सांगत आला. ती भाजी शेजारणीने केव्हातरी फेकली. हे सगळं मला माहीत नव्हतं, बाई. इतकी वर्षं त्याच घरात राहून मला वांग्याच्या भाजीचं काही माहीत नव्हतं. मी जे कापलं, ते मीही त्या दिवशी पहिल्यांदाच ऐकत होते, आणि ऐकता ऐकताच मी ते टाकून दिलं होतं.

जाण्याआधीच्या रविवारी तुम्ही मायसमोर ताठ बसलात, दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवले आणि मला म्हणालात, नीट विचार. "तुमच्या नवऱ्याच्या त्या दिवसावर मला लिहायचं आहे. तुम्ही नाही म्हणालात तर लिहिणार नाही." मायने हातातला खडा बसवला, अंगठ्याने दाबला. मग म्हणाली, "लिही म्हना. पन सिनेमामा त्यास्ले मारू नको म्हना. एक डाव देखं मी. आखो नही." मी सांगितलं, सिनेमात त्यांना मारू नका, एकदा पाहिलंय, पुन्हा नाही. तुम्ही वाकून नमस्कार केलात, तुमच्या पद्धतीचा, कपाळ जवळजवळ फरशीला लागेल असा. मायने घाबरून तुमचे खांदे धरले. निघताना तुम्ही तुमचं लिहायचं बुटकं मेज आमच्याकडे ठेवून गेलात, पाय मिटणारं. मायने त्यावर पापड लाटले, आणि मी परीक्षा दिल्या. तुमच्या भाषेच्या. वरच्या पातळीच्या. तुम्ही दर आठवड्याला फोनवर विचारायचात, म्हणून.

तिकडे गेल्यावर तुम्ही लिहिलंत. गोष्ट तुमच्याकडच्या एका रंगाऱ्यांच्या गावात नेलीत, वांग्याच्या जागी पाल्याचं कालवण आलं. एकाच दिवसाची गोष्ट. सकाळी भांडण होतं, नवरा कामाला जातो. मिलमध्ये मशीनच्या झाकणाचा एक खटका ढिला आहे हे आपल्याला दिसतं, आणि मग दिवसभर आपण त्या झाकणाकडे बघत राहतो. झाकण उघडत नाही. माणूस संध्याकाळी घरी येतो. एवढंच. एका मोठ्या निर्मात्याला ती आवडली. इतक्या वर्षांनी तुमचा आवाज फोनवर तरुण वाटत होता. मग काही दिवसांनी तुम्ही म्हणालात, त्याचं एकच म्हणणं आहे. झाकण उघडलं पाहिजे. माणूस मेला नाही तर लोक तिकीट कशाचं काढतील?

तुम्ही नाही म्हणालात. तो थांबला, पुन्हा बोलला, मग त्याने दुसऱ्या लेखकाकडून शेवट लिहून घेण्याची भाषा सुरू केली. तुमचे भाऊ मला केबिनमध्ये म्हणाले, "ती हट्टी आहे. ही तिची शेवटची संधी आहे. तुझ्या आईशी बोल." मी दोन दिवस बोलले नाही. मग मायला सगळं सांगितलं. उठून तिने गॅस बंद केला, परत येऊन बसली आणि म्हणाली, "तिले सांग, मारी टाक म्हना. मन्हा शब्दखाल तिनं काम अडकाले नको. तसाबी तो मरेलच शे."

मी फोन लावला आणि एक अक्षर न गाळता सांगितलं. मारून टाका. माझ्या शब्दापायी तुमचं काम अडकायला नको. तसाही तो मेलेलाच आहे. मग तुम्ही म्हणालात, "आईला सांग, आता हे तिच्यासाठी नाही. मीच त्याला दिवसभर त्या मिलमध्ये फिरवलंय. मला माहीत आहे तो कसा चालतो, डबा कुठे ठेवतो. मी त्याला मारू शकत नाही. मी आजवर लोकांना हवं म्हणून कागदावर पुष्कळ माणसं मारली आहेत. हा घरी जाईल."

तो निर्माता गेला. नंतर कुणी आला नाही. तुम्ही तिकडे एका छापखान्यात मुद्रितं तपासायचं काम धरलंत, असं भावाकडून कळलं, तुम्ही कधी बोलला नाहीत. त्या काळात तुम्हीच माझं नाव मुंबईच्या एका डबिंग स्टुडिओला कळवलंत, आणि मला इथूनच तुमच्याकडच्या मालिकांचे हिंदी संवाद लिहायचं काम मिळालं. कारखाना सुटला. आज माझं घर त्यावर चालतं. पुढे केव्हातरी तुमच्या संध्याकाळच्या वर्गातली एक विद्यार्थिनी तुम्हाला शोधत आली. ती आता दिग्दर्शक होती, तिच्याजवळ थोडेसे पैसे होते, आणि तिने सांगितलं की ती शेवट बदलणार नाही. तोवर तुमच्या पोटात आजार भिनला होता. चित्रीकरणाच्या जागी तुम्ही खुर्चीत, पांघरूण घेऊन बसलेल्या, असा एक फोटो भावाने मला दाखवला. तुम्ही कॅमेऱ्याकडे बघत नव्हतात. त्या नटाच्या हातांकडे बघत होतात. सिनेमा लागायच्या आधीच तुम्ही गेलात.

तो मोजक्या थिएटरांत लागला आणि उतरला. तिकडच्या वर्तमानपत्रांत तुमच्याबद्दल जे आलं, त्यात कणसं विकणाऱ्या सवतींचाच उल्लेख होता. साहेब मायदेशी परतण्याआधी आम्हाला तो सिनेमा देऊन गेले. एका दुपारी मी आणि माय लॅपटॉप समोर ठेवून बसलो. मी वाक्यावाक्याला सांगत होते. माय झाकणाकडे बघत होती. प्रत्येक वेळी ते मशीन दिसलं की ती माझ्या गुडघ्यावर हात ठेवायची. संध्याकाळ झाली, तो माणूस निघाला, घरी आला. मनगटापर्यंत निळे हात. बायको बोलत नाही, तोही बोलत नाही. ती वाटी पुढे ठेवते. तो खातो, सगळं संपवतो, आणि वाटी पुढे करून म्हणतो, अजून दे. मी सांगितलं, "तो म्हणतोय, अजून वाढ." माय म्हणाली, "समजनं माले." मग काळा पडदा आला, आणि सगळ्यात आधी तुमचं नाव. एकटं. त्याच्याशेजारी दुसरं कुणाचं नाव नव्हतं. मी ते वाचून दाखवलं. मायने हात जोडले.

त्यानंतर ती सणासुदीला, कधी उगीचच, तो शेवट लावायला सांगायची. तेवढाच. मला वाटायचं, तिला बरं वाटतं तर बघू दे. तुम्हाला सांगायचं आहे ते पुढचं. मागचा पावसाळा संपला तशी ती अंथरुणाला खिळली आणि तिच्या बोलण्यात काळ एकमेकांत मिसळू लागला. एकदा शेजारीण तिच्याजवळ बसली होती. माय तिला सांगत होती, अगदी शांतपणे, "त्या दिन भाजी अळणी व्हयनी व्हती. रागे भरीन गया. पन सांजले घर उना, जेवना, आखो भाजी मांगी." शेजारीण माझ्याकडे बघायला लागली. तिला सगळं माहीत होतं, ती भाजी फेकणारी हीच बाई. मग तिनेच विचारलं, "मग तू वाढली ना?" माय म्हणाली, "वाढी ना. पोटभर जेवना तो."

शेवटपर्यंत तिने तसंच सांगितलं. ती शांतपणे गेली. तिच्या मनात तो माणूस घरी जेवून मग केव्हातरी गेला होता, म्हातारा होऊन, इतर माणसं जातात तसा. मला तुम्हाला विचारायचं आहे की हे ऐकून तुम्हाला आनंद झाला असता का भीती वाटली असती. तुमच्या दोन सिनेमांवर तुमचं नाव आलंच नाही, उरलेले लोक विसरत चालले, आणि हा एक, जो जवळजवळ कुणी पाहिला नाही, तो इथे पांडेसऱ्याच्या एका खोलीत खरा होऊन बसला. घडलं ते त्याने मायकडून काढून घेतलं, हेही खरं आहे. मी मुंबईच्या लोकांसाठी संवाद लिहिते तेव्हा ते म्हणतात, ओठ हलतात तेवढंच वाक्य हवं, बाकीचं काढा. मी काढते. पण त्या प्रत्येक वेळी बघून घेते की काय काढलं. एवढं तुमच्याकडून शिकले.

हे कुठे पाठवणार. तुमच्या भावांचा पत्ता माझ्याकडे आहे, पण त्यांना मराठी येत नाही, आणि हे भाषांतर करून पाठवायची माझी तयारी नाही. राहील इथेच. एक गोष्ट मात्र मायलाही सांगितली नव्हती. मला वडिलांचा आवाज आठवत नाही. पुष्कळ प्रयत्न केला, आठवत नाही. पण ते संध्याकाळी दारातून येतात, पाटावर बसतात आणि भाजी मागतात, हे मला अलीकडे स्पष्ट ऐकू येतं. ते तुमच्या भाषेत मागतात, आणि मी भाषांतर न करता वाढते.